सूची बनते आहे, तोवर पोहे घ्या

आमच्या घरी व्हिडिओ बघत नाहीत, पुढे ढकलतात. लग्नाचा असो, वास्तुशांतीचा असो, नाहीतर कुणाच्या काश्मीर सहलीचा, सुरू होऊन अर्धं मिनिट झालं की सोफ्यावरून हुकूम सुटतो, "पुढे घे रे." कुठवर पुढे? तर हुकूम सोडणारी व्यक्ती स्वतः पडद्यावर येईपर्यंत. ती आली की "थांब, थांब, मागे घे!" मग तोच प्रसंग पुन्हा. एवढं झालं की त्या व्यक्तीपुरता कार्यक्रम आटोपतो आणि ती चहाचं बघायला आत निघून जाते. मग पुढच्या माणसाचा नंबर. काश्मीरचा दोन तासांचा व्हिडिओ आम्ही वीस मिनिटांत उरकला होता. त्यात दल सरोवर होतं की नाही यावर घरात अजून एकमत नाही.

अशा घरात एक व्हिडिओ असा आला, की तो पुढे जायलाच तयार नाही.

नारायण पेठेतला आमचा वाडा पाडायचा ठरला तेव्हा माळ्यावरून बंब, पाट, तीन तुटक्या छत्र्या आणि एक व्हीएचएस कॅसेट निघाली. ई-१८०, म्हणजे तीन तासांची. वर आजोबांच्या अक्षरात 'मुंज, १९९२'. माझ्या चुलतभावाची मुंज. हा बटू आता न्यू जर्सीत असतो आणि त्या दिवशी ज्या डोक्यावर घेरा ठेवला होता, तिथे आता ठेवण्यासारखं काही उरलेलं नाही.

कॅसेटसोबत एक वहीही निघाली. आजोबा सगळ्याच्या याद्या करत. किल्ल्यांची यादी, कुणाला उसन्या दिलेल्या पुस्तकांची यादी, आणि कुठली यादी कुठल्या वहीत आहे याचीही एक यादी. मुंजीच्या कॅसेटला त्यांनी दोन पानं दिली होती. 'मातृभोजन ०२१०. मंगलाष्टके ०४८५. भिक्षावळ ०९३०. पंगत १३२० (मठ्ठा वाढणारे आमचे साडू).' हे आकडे व्हीसीआरच्या काउंटरचे. कॅसेट मागे गुंडाळायची, काउंटर शून्यावर आणायचा, पुढे पळवत ०९३० ला थांबवायचं, की भिक्षावळ हजर. मात्र तो काउंटर वेळ मोजत नसे, रिळाचे वेढे मोजत असे. त्यामुळे तेच आकडे शेजाऱ्यांच्या व्हीसीआरवर लावले तर भिक्षावळीच्या जागी जिलबी येई. आणि आमचा व्हीसीआर तर भंगारवाल्याने कधीच नेला होता. वही आम्ही तरीही ठेवली आहे. कशासाठी ते विचारू नका, पेठेतलं घर आहे.

कॅसेट 'डिजिटल' करायला एका दुकानात दिली. तिथे ती नेमकी गुरुवारी लावली गेली, आणि दुरुस्तीसाठी गुरुवारी जाते तशी वीज गेली, तीही कॅसेट संपता संपता. दुकानदाराने पेनड्राइव्ह हातावर ठेवला.

"आलंय सगळं. फक्त पुढेमागे करू नका."

"का बरं?"

"तीनच तासांची तर आहे. सरळ बघा की. घाई काय आहे तुम्हाला?"

रविवारी सकाळी मंडळी जमली. काका, काकू, कोथरूडहून आत्या, आणि इंजिनिअरिंगला असल्यामुळे घरातल्या मिक्सरपासून मोबाइलपर्यंत सगळ्याला जबाबदार धरला जाणारा माझा पुतण्या. त्याने लॅपटॉप टीव्हीला जोडला. पडद्यावर नारिंगी-पांढऱ्या पट्ट्यांचा तो शंकू उगवला.

"म्हणजे इथेही खोदलंय?" काका म्हणाले.

पुतण्याने समजावलं, की हे व्हीएलसी. पॅरिसच्या एकोल सेंत्राल कॉलेजातल्या विद्यार्थ्यांनी १९९६ मध्ये सुरू केलं. ती मुलं रस्त्यावरचे असले शंकू जमा करायची, म्हणून चिन्ह म्हणून शंकूच घेतला. काकांना आपल्या कॉलेजच्या दिवसांतलं काहीतरी आठवलं असावं, कारण ते काकूंकडे बघून गप्प झाले.

तेवढ्यात पडद्यावर सूचना आली. या फाइलची सूची मोडली आहे किंवा मुळातच नाही; तेव्हा पुढेमागे करणं नीट जमणार नाही. पुढे तीन पर्याय: सूची बनवून मग चालवा, आहे तसं चालवा, चालवू नका.

"चालवू नका!" काका खूश झाले. "असा पर्याय देणारा माणूस पॅरिसचा असूच शकत नाही. शनिवार किंवा सदाशिव. फार तर आपला."

आत्या म्हणाली, "आहे तसं चालव. माझा संसार तसाच चाललाय."

चालवलं. पहिली पंधरा मिनिटं कार्यालयाची पाटी. कॅमेरा पाटीच्या जवळ जातो, लांब येतो, पुन्हा जवळ जातो. मग गणपतीची तसबीर, मग नारळ. नारळाला १९९२ साली व्हिडिओवाल्यांनी जेवढा वेळ दिला तेवढा वधूपित्यालाही मिळत नसे. पंधरा मिनिटं म्हणजे आमच्या घराण्याच्या सहनशक्तीच्या कितीतरी पलीकडचा विक्रम. शेवटी आत्या उसळली, "पुढे घे! माझा हिरवा शालू येऊ दे."

पुतण्याने खालची पट्टी धरून ओढली. क्षणभर सगळं करडं झालं. मग आत्याचा हिरवा शालू आला, पण त्यात चेहरा गुरुजींचा होता. तोही अर्धा. उरलेल्या अर्ध्यात नारळ. गुरुजी मान हलवत होते तसे शालूचे काठ हलत होते.

"हे मी नव्हे," आत्या म्हणाली.

यावर पुतण्याने जे सांगितलं ते मी ऐकलं, कारण बाकी कुणी ऐकत नव्हतं. व्हिडिओत सेकंदाला पंचवीस चित्रं. पण प्रत्येक चित्र पूर्ण साठवलं तर फाइल डोंगराएवढी होईल. म्हणून पूर्ण चित्र साठवायचं दहा-बारा सेकंदांतून एखादं, ती कीफ्रेम. मधल्या चित्रांत नुसते बदल लिहायचे: गुरुजींची मान जरा डावीकडे, बाकी मागच्यासारखंच. आता तुम्ही मध्येच उडी मारून 'बाकी मागच्यासारखंच'वर पडलात तर मागचं म्हणजे काय, हे त्या बिचाऱ्या यंत्राला कुठून कळणार? ते हाताला लागेल त्या चित्रावर बदल थापत जातं. म्हणून नारळाला मान.

मला हे लगेच पटलं, कारण नारायण पेठेत पत्ता असाच सांगतात. पूर्ण ठिकाण एकच, पत्र्या मारुती. तिथून पुढे नुसते बदल: डावीकडे वळा, पिठाची गिरणी सोडा, मग तसंच पुढे, मग मघाचच्यासारखा बोळ, पण तो नव्हे. पत्र्या मारुतीपासून निघालेला माणूस बरोबर दारात येतो. मुंजाबाच्या बोळात मध्येच उतरून 'तसंच पुढे' सुरू करणाऱ्याचं काय होतं ते आमच्याकडे वस्तू पोचवायला येणाऱ्या पोरांना विचारा. ती मोदी गणपतीपाशी उभं राहून फोन करतात आणि आम्ही त्यांना सांगतो, "आधी पत्र्या मारुतीला परत जा."

तर सूची म्हणजे या सगळ्या मारुतींची यादी. कुठलं चित्र फाइलमध्ये कितव्या बाइटपासून सुरू होतं, किती लांब आहे, आणि ते पूर्ण आहे की नुसते बदल. आमची फाइल एव्हीआय जातीची. तिच्या सूचीत दर चित्रामागे सोळा बाइट लागतात. तीन तासांची चित्रं दोन लाख सत्तर हजार. म्हणजे चित्रांपुरती सूची फार तर सव्वाचार मेगाबाइटची. गिगाबाइटच्या मुंजीत तिचा जीव तो केवढा! पण ती लिहायची सगळ्यात शेवटी, आणि शेवटी तर गुरुवार आला होता. (एव्हीआय हा प्रकार मायक्रोसॉफ्टने काढला तोही १९९२ मध्येच. मुंज म्हणजे दुसरा जन्म धरला तर ही दोघं एकाच सालची.)

"सूची शेवटीच असायची," काका म्हणाले. ते पुणे मराठी ग्रंथालयाचे जुने सभासद. १९११ साली स्थापन झालेलं ते ग्रंथालय आमच्याच पेठेत असल्यामुळे ते आपल्या घराचंच एक दालन आहे अशा थाटात ते तिथे वावरतात. "केतकरांचा ज्ञानकोश बघ. तेवीस खंड. सूचीचा खंड बाविसावा. आधी काम, मग सूची. काय चुकलं?"

"काही नाही," पुतण्या म्हणाला. "पण आजोबा, बाविसावा छापताना वीज गेली असती, तर आधीच्या एकवीस खंडांची पानं चिकटली असती का?"

काकांनी विषय बदलून 'सूची बनवून मग चालवा' हा पर्याय मंजूर केला.

एक हिरवी पट्टी सरकू लागली. एव्हीआयमध्ये प्रत्येक तुकड्याच्या कपाळावर तो कसला आणि किती लांबीचा हे लिहिलेलं असतं, त्यामुळे एका तुकड्यावरून दुसऱ्यावर उडी मारत, नोंद करत, सूची नव्याने बांधता येते. मात्र त्यासाठी अख्खी मुंज पालथी घालावी लागते, आणि आमचा पेनड्राइव्ह जुना. पट्टी हलेना तशी काकू उठल्या. "तोवर पोहे घ्या."

पोहे झाले. नारळ पेरून झाला. दुसऱ्यांदा घेऊन झाले. सूची तयार झाली आणि काय सांगू, मुंज लोण्यासारखी पुढेमागे होऊ लागली. आत्याने शालू पाहिला. काकांनी अंतरपाट धरलेले आपण पाहिले आणि अंतरपाट वाकडा धरला होता हे इतरांनी. काकूंनी स्वतःला पाहिलं, उसासा टाकला आणि बशा उचलल्या. पुतण्या १९९२ मध्ये जन्मलेलाच नव्हता, त्यामुळे तो एकटाच सगळं बघत होता. मग काकांनी सवयीप्रमाणे वीज वाचवण्यासाठी सगळं बंद केलं.

पुढच्या रविवारी सांगलीचे मामा आले. पेनड्राइव्ह लावला. शंकू आला. सूची मोडली आहे, तीन पर्याय.

"अरे, गेल्या रविवारी बनवली ना?"

"ती तात्पुरती असते, आजोबा. फक्त मेमरीत. व्हीएलसी फाइलला हात लावत नाही. बंद केलं की गेली."

"म्हणजे दर खेपेला बनवायची?"

"तोवर पोहे घ्या," काकू आतून म्हणाल्या.

पुढे पुढे आमच्याकडे कुणी आलं की आधी सूचीला लावायचं आणि मग कांदा चिरायला घ्यायचा, असा क्रमच पडला. पाहुण्यांत बोलवा झाली, की या मंडळींकडे मुंज बघायला जाताना उपाशीपोटी जायचं.

याच सुमारास काकांचा अमृतमहोत्सव झाला. काकांनी चव्वेचाळीस मिनिटं भाषण केलं. आत्याने ते आपल्या मोबाइलवर घेतलं आणि त्रेचाळिसाव्या मिनिटाला मोबाइलची बॅटरी संपली. फाइल भलीमोठी, पण उघडेना. पुतण्याने लॅपटॉपवर काहीतरी टाइप केलं आणि वाचून दाखवलं, "मूव्ह सापडत नाहीये."

आतल्या खोलीतून आजीने उशाखालची ट्यूब पाठवून दिली. "एवढी उरलीये. चोळून पाठव परत."

हा मूव्ह वेगळा. मोबाइलचा व्हिडिओ एमपीफोर जातीचा असतो आणि त्याच्या सूचीच्या पेटीचं हे नाव. ॲपलने १९९१ मध्ये क्विकटाइम काढलं, त्याच्या बांधणीवर पुढे एमपीफोर उभा राहिला. आणि इथे प्रकरण एव्हीआयपेक्षा वाईट. तुकड्यांच्या कपाळावर काही नाही. कुठला तुकडा किती लांब, किती वेळ दाखवायचा, आवाज कुठला, चित्र कुठलं, सगळं त्या एका पेटीत. आणि मोबाइल ती पेटी साधारणपणे 'थांबवा' दाबल्यावरच लिहून पुरी करतो. दाबलंच नाही, तर त्रेचाळीस मिनिटांचे काका आत आहेत, पण एकसंध पीठ होऊन.

"मी वेळेत आटोपलं असतं तर वाचलं असतं, असं म्हणायचंय का तुला?" काकांनी विचारलं.

"मी नाही म्हणत," पुतण्या म्हणाला. "फाइल म्हणते."

टीव्हीवाले असला धोका पत्करत नाहीत, असं तो सांगतो. त्यांचं प्रक्षेपण एकशे अठ्ठ्याऐंशी बाइटच्या पुड्यांत जातं, कुठूनही ऐकायला लागा, थोड्या वेळात सूर सापडतो. फोनवर मालिका बघतो ती तर काही सेकंदांच्या तुकड्यांत चिरून ठेवलेली असते आणि तुकड्यांची यादी सर्वात आधी हातात येते. म्हणून आजी तिच्या मालिकेतल्या सासूचं बोलणं बोटाने उडवून थेट सुनेच्या उत्तरावर उतरू शकते. काका मात्र अखंड वाहणारे. त्यांना तुकड्यांत कोण चिरणार?

उपाय निघाला तो असा. त्याच मोबाइलने, तशाच पद्धतीने घेतलेला एखादा धडधाकट व्हिडिओ दिला, तर त्याच्यावरून अंदाज बांधून हरवलेली सूची पुन्हा लिहिणारं सॉफ्टवेअर आहे. पुतण्याने आत्याचा मोबाइल चार्ज करून उघडला. आत्या व्हिडिओ मुद्दाम कधीच घेत नाही, चुकूनच घेते. मोबाइलमध्ये धडधाकट असा एकच व्हिडिओ निघाला, तिच्या पर्सच्या आतला. काळोख, किल्ल्यांचा आवाज, एक अर्धवट दिसणारी खोकल्याची गोळी आणि लांबून रिक्षावाल्याशी चाललेला सुट्ट्या पैशांचा वाद. त्या पर्सच्या आधाराने काकांचं भाषण जिवंत झालं! काका अजून ते मान्य करत नाहीत. आत्या मात्र येणाऱ्याजाणाऱ्याला सांगते.

मुंजीचाही एकदाचा निकाल लावू म्हणून पुतण्याने ती एफएफएमपेग नावाच्या साधनातून काढून एमपीफोर केली आणि सूची उचलून फाइलच्या तोंडाशी आणली. म्हणजे न्यू जर्सीच्या बटूला इंटरनेटवरून बघताना शेपटीची वाट बघायला नको, डोकं उतरलं की मुंज सुरू. पोहे परतायला लागतो त्याहून कमी वेळात हे झालं. पण यात एक मेख आहे. सूची पुढे आणली की बाकी सगळा ऐवज तेवढ्या बाइटनी मागे सरकतो आणि सूचीतला प्रत्येक पत्ता चुकतो, म्हणून तेही सगळे बदलावे लागतात. ते हजारो पत्ते त्याच्या लॅपटॉपने निमूट बदलले. वाड्याची इमारत होऊन आमचा घरनंबर बदलला, तो गॅसच्या पुस्तकावर बदलून घ्यायला काका अजून चकरा मारताहेत.

"कुणी काढलं हे?" काकांनी विचारलं.

"फाब्रिस बेलार. फ्रेंच आहे. २००० साली."

"हाही फ्रेंच? शिंद्यांच्या पदरी होतेच म्हणा फ्रेंच." आणि नंतरचा पाऊण तास पेराँ आणि दौलतराव यांच्यात गेला. तो कुणी रेकॉर्ड केला नाही.

आता खरी गंमत. पुतण्या बोलून गेला, की फाइलमध्ये प्रकरणंही घालता येतात. वेळ लिहायची, नाव लिहायचं, बोट लावलं की थेट तिथे. आजोबांच्या वहीसारखंच, फक्त आकडे वेढ्यांचे नाहीत, सेकंदांचे. त्याने वहीतूनच नावं घेतली होती: मातृभोजन, मंगलाष्टकं, मंत्रोपदेश, भिक्षावळ, पंगत. सुटसुटीत. ती यादी त्याने कुटुंबाच्या व्हॉट्सॲपवर टाकली.

आत्याचं उत्तर पहिलं आलं. 'शालू कुठे आहे?'

'तो मंगलाष्टकांत येतो, आत्याआजी.'

'येतो म्हणजे? मंगलाष्टकं काय सगळ्यांचीच असतात.'

शालूचं प्रकरण झालं. मग काकूंच्या माहेरचे म्हणाले, आमच्याकडून आलेल्या आहेराचा उल्लेख नाही. तो घातला तर मामांनी विचारलं, आहेर प्रकरण चार आणि मामा प्रकरण नऊ, हे कसं? मुंजीत मामाचा मान आधी. क्रम बदलता येत नाही, वेळेप्रमाणे लागतो, हे पुतण्याने तीनदा लिहिलं. त्यावर लग्नपत्रिका छापताना हीच सबब आजोबांनी सांगितली होती, असं उत्तर आलं. काकांनी अंतरपाटाचं प्रकरण 'अंतरपाट (सरळ)' असं करून मागितलं. मठ्ठा वाढणाऱ्या साडूंच्या नातीने बेळगावहून कळवलं, की पंगतीतलं अमुक मिनिट स्वतंत्र हवं, तिथे आजोबांचा एकुलता एक हसरा चेहरा आहे. ते मात्र कुणी नाकारलं नाही. व्हिडिओवाल्याच्या नारळाची बाजू घेणारं तेवढं कुणी नव्हतं, म्हणून तो पंधरा मिनिटांचा पट्टा निनावी राहिला. बाकी मुंजीत आता बोट ठेवायला जागा नाही. जिथे लावाल तिथे नातेवाईक.

सगळ्यांच्या मान्यतेने फाइल अमेरिकेला गेली. तिकडे रात्र, इकडे सकाळ, अशा वेळी बटूचा व्हिडिओ कॉल आला. तो बायकोमुलांना घेऊन बसला होता.

"सुरू तर झटकन झालं," तो म्हणाला. "यादी पण खालीवर करून बघितली. हिरवा शालू, मामा, आहेर, अंतरपाट सरळ... मी कुठे आहे?"

इकडे सोफ्यावर शांतता. काकांनी पुतण्याकडे पाहिलं, पुतण्याने माझ्याकडे. आजोबांच्या वहीतली 'भिक्षावळ' शालूला जागा करून देताना कधीतरी गळली होती.

"मुलांना दाखवायचंय," बटू म्हणाला. "मी लंगोट लावून भिक्षा मागतोय ते."

"सोपं आहे," आत्या पुढे सरसावली. "माझ्या शालूवर बोट लाव. तिथून आठ-दहा मिनिटं तसंच पुढे. मामा लागतील, ते सोड. मग मी पुन्हा दिसेन, पैठणीत. तिथे जरा थांब, माझ्या डाव्या हाताला बघ. वाटीत तांदूळ घालतेय ना मी? समोर जो उभा आहे, तो तू."